फादर, कशावरून?

"देव आहे, हे मला पत्ता आहे," फादर पहिल्याच दिवशी म्हणाले. मी विचारलं, "कुठला? बोरिवली वेस्ट की ईस्ट?"

बिचारे गोंधळले. तिशीतला सडपातळ माणूस, चौकड्यांचा शर्ट, पायात साध्या चपला. सांगितलं नसतं तर मी त्यांना बँकेत नवीन लागलेला मुलगा समजले असते. मूळचे झारखंडचे. घरी कुडुख ही तिकडची आदिवासी भाषा बोलायचे, शाळा हिंदीतून, धर्माचं शिक्षण इंग्रजीतून. आणि बदली झाली ती आमच्या बिल्डिंगमागच्या चर्चमध्ये, जिथे रविवारची एक मिस्सा, म्हणजे सामुदायिक प्रार्थना, मराठीतून असते. तिला गोराईच्या बायका येतात, वसईकडची कुटुंबं येतात, जालन्याहून इथे कामाला आलेली मंडळी येतात. त्यांच्यासमोर फादरना मराठीत प्रवचन द्यायचं होतं. मी शाळेत मराठी शिकवून नुकतीच निवृत्त झालेली, त्यामुळे खालच्या मजल्यावरच्या ख्रिस्ती शेजारणीने त्यांना थेट माझ्या दारात आणून उभं केलं.

"हिंदीतलं 'पता' मराठीत चालत नाही," मी म्हटलं. "आपल्याकडे पत्ता म्हणजे ॲड्रेस. 'मला माहीत आहे' म्हणा."

"मला माहीत आहे," ते म्हणाले. मग म्हणाले, "आणि मी येशूवर विश्वास करतो."

"विश्वास करत नाहीत, ठेवतात."

"कुठे?"

"कुणावर तरी. टेबलावर वाटी ठेवतो तसा."

त्यांनी टेबलाकडे बघितलं. "म्हणजे तो मी उचलून ठेवायचा. मी ठेवला तर ठेवला, नाही तर नाही."

"अगदी बरोबर."

"मग मला तो शब्द नको. येशू मेलेल्यांतून उठला, हे मला माहीत आहे. असंच म्हणायचंय."

माझी तीस-बत्तीस वर्षांची सवय उफाळून आली. मी म्हटलं, "फादर, वाक्य व्याकरणात बसतंय. पण असं म्हणत नाहीत. पाणी तापवलं की उकळतं, हे माहीत असतं. देवाधर्माच्या गोष्टी आपण मानतो. आम्ही मालवणकडचे. घरी गणपती येतो, मी एकवीस मोदक मन लावून वळते. पण 'गणपती आहे हे मला माहीत आहे' असं मी कधी म्हणणार नाही. मी म्हणेन, 'आमच्यात मानतात.'"

"बाई, तुम्ही म्हणू नका. मी म्हणतो."

"कशावरून?"

झालं. त्या दिवसापासून आमचा तास हा मराठीचा कमी आणि 'कशावरून'चा जास्त झाला.

मला ते आवडायला लागलं होतं, हे खरं. निवृत्तीनंतर माझ्याशी कुणी वाद घालत नव्हतं. नवरा वीज कंपनीत मीटर तपासणीत होता, तोही निवृत्त. पण त्याच्याशी वाद म्हणजे भाजीत मीठ किती, इथपर्यंतच. फादर मात्र मंगळवारी आणि शुक्रवारी दुपारी यायचे, चहा प्यायचे आणि हसतहसत भिडायचे. मी एकदा म्हटलं, "तुम्ही कणकवलीत जन्मला असता तर आज माझ्याबरोबर आरती म्हणत असता. जन्माने मिळालेल्या गोष्टीला माहिती कसं म्हणायचं?"

ते म्हणाले, "तुम्ही माझ्या गावात जन्मला असता तर तुम्हाला मराठीतलं ऱ्हस्व-दीर्घ माहीत नसतं. आता आहे. ते खोटं का?"

"ते माणसांनी ठरवलेलं आहे."

"बरं. मग पृथ्वी गोल आहे, हे? तेही तुम्हाला शाळेत जायला मिळालं म्हणूनच कळलं. जन्म कुठे झाला त्यावर कळणं अवलंबून असतं, बाई. खरं असणं नाही."

मी चहाचा कप उचलून आत गेले. याला उत्तर आहे, पण ते मला कप विसळताना सुचलं नाही.

आता माझ्या नाकाबद्दल सांगायला हवं. कोविडमध्ये माझा वास गेला तो परत आलाच नाही. सुरुवातीला सगळ्यांनी धीर दिला, मग सगळे विसरले, मीही विसरल्यासारखी झाले. फोडणी मी रंगावरून ओळखायचे. दूध नासलंय का, ते नवऱ्याला विचारायचे.

एका शुक्रवारी मी फादरना 'ला' प्रत्यय समजावत होते. "मला भूक लागते, मला थंडी वाजते, मला वास येतो. ह्या गोष्टी आपण करत नाही, त्या आपल्याला होतात." फादरनी मान वर केली.

"बाई, वास येतो."

"हां. आता दुसरं उदाहरण द्या."

"उदाहरण नाही. गॅसचा वास येतो."

"नाही येत," मी म्हटलं. वर्गात म्हणायचे तशीच, ठाम.

"येतो," असं म्हणत ते न विचारता स्वयंपाकघरात शिरले. दूध उतू जाऊन ज्योत विझली होती आणि गॅस चालूच होता. त्यांनी बटण बंद केलं, खिडक्या सताड उघडल्या, आणि मला म्हणाले, "पंखा, दिवा, काही लावू नका." मी दारात उभी राहून लांब लांब श्वास घेत होते. काहीच नव्हतं. स्वयंपाकघर मला रोजच्यासारखंच निर्धोक वाटत होतं, आणि भीती त्याचीच वाटली.

आम्ही जिन्यात जाऊन बसलो. जरा वेळाने फादर हळूच म्हणाले, "बाई, एक विचारू? तुम्ही 'नाही येत' म्हणालात. 'मला नाही येत' म्हणायला हवं होतं ना?"

माझ्याच विद्यार्थ्याने माझी चूक काढली होती, तीही नुकत्याच शिकवलेल्या प्रत्ययाची. मी हसले, पण मला ते लागलं. रागाने नाही. काटा रुततो तसं.

नवरा बाजारातून परतला तेव्हा आम्ही अजून जिन्यातच होतो. सगळं ऐकून तो आधी घाबरला, मग फादरचे आभार मानले, आणि मग त्याच्यातला मीटर तपासणारा जागा झाला, तोही मालवणीत. "नाक चांगला हा फादरांचा. बघूया तरी किती चांगला." त्याने स्वयंपाकघरातून डबे आणले, फादरच्या डोळ्यांवर माझी ओढणी बांधली, आणि एकेक डबा त्यांच्या नाकाखाली धरायला लागला. हिंग, ओळखला. कापूर, ओळखला. वेलची तर झाकण उघडायच्या आतच. मग त्याने वर्सोव्याहून आणलेले सोडे, म्हणजे सुकी कोलंबी, धरले. फादरनी मान मागे खेचली. "हे काहीतरी मेलेलं आहे!"

"मेलेलाच हा," नवरा खूष होऊन म्हणाला, "पण आमी ह्येका जेवण म्हणतो."

मग त्याने ओढणी सोडली आणि खुर्ची पुढे ओढली. "फादर, आता ऐका. हिला वास येत नाही, तरी तुमच्या नाकावर भरवसा ठेवायला ती मोकळी आहे. का? तर डबे आहेत. मी तपासू शकतो. तुम्ही म्हणता, देवाचं तुम्हाला असंच आतून कळतं. बरं, कळू दे. पण मौलवींना वेगळं कळतं, आमच्या भटजींना वेगळं. माझा भांडुपचा मित्र बुद्धविहारात जातो, त्याला देवाचं काहीच कळत नाही, आणि तो आपल्या तिघांपेक्षा शहाणा आहे. तुमच्या देवाचा डबा कुठे आहे?"

"डब्यात मावला तर तो देव कसला, काका?"

"ही पळवाट झाली."

"हो. थोडी झाली," ते म्हणाले. हा माणूस मला त्या क्षणी फार आवडला. मग त्यांनी विचारलं, "काका, मीटर बरोबर आहे हे तुम्हाला कसं कळायचं?"

"दुसऱ्या मीटरला लावून. आमच्याकडे खात्रीचा एक असायचा."

"तो खात्रीचा आहे, हे कशावरून?"

"तो वरच्या लॅबमध्ये तपासून यायचा."

"आणि वरची लॅब?"

"तिच्याही वर एक."

"आणि सगळ्यात वर?"

नवरा डोकं खाजवायला लागला. "तिथे मग... ठरवलेलं असतं."

"म्हणजे तपासणं कुठेतरी थांबतं. त्याच्या खाली तुम्ही सगळं तपासता, पण ते स्वतः तुम्ही धरून चालता. आणि तरी तुम्ही म्हणता, मला माहीत आहे. मला फक्त एवढंच म्हणायचंय, की 'तपासता आलं नाही म्हणजे माहीत नाही' हा नियम तुम्हालाही पाळता येत नाही."

"मान्य," नवरा म्हणाला. "पण फादर, माझ्या साखळीच्या खालच्या टोकाला पंखा फिरतो. तुमच्या साखळीच्या टोकाला काय फिरतं?"

फादर म्हणाले, "याचं उत्तर आज नाही." नवऱ्याने जिंकल्याच्या आनंदात त्यांना जेवायलाच बसवलं, आणि सोड्यांची भाजी वाढली. त्यांनी ती खाल्ली. दुसऱ्यांदा मागूनही घेतली.

पुढच्या आठवड्यात ते म्हणाले, "बाई, आतून कळतं ते राहू दे. साक्षीदार बघा. येशूच्या आयुष्याचे चार वृत्तान्त आहेत. तुम्ही जन्मभर मुलांचे पेपर तपासलेत. हे चार तपासा." मी म्हटलं, ठीक आहे. दुपारी लोळत वाचायला घेतले आणि उठून बसले. कारण कॉपी पकडणं हा माझा हातखंडा. दोन पेपरांत बरोबर उत्तर सारखं असलं तर काही नाही, चूक सारखी असली की समजायचं. आणि आपल्या मनाने लिहिणाऱ्या मुलांचं तपशिलात कुठे ना कुठे वेगळं निघतं.

मंगळवारी मी निकाल सांगितला. "तीन पेपर एका बाकावर बसलेत. एकाने लिहिलंय, दोघांनी बघितलंय, आणि दोघांनी आपापली भर घातलीय. चौथा वेगळ्या वर्गातला आहे."

फादर टाळी वाजवून हसले. "बाई, मोठमोठ्या विद्वानांनी आयुष्य घालवून हेच सांगितलंय!"

"म्हणजे तुमचे चार साक्षीदार चार नाहीत."

"नाहीत. दोन म्हणा, अडीच म्हणा. पण शेवट वाचलात?"

वाचला होता. थडगं रिकामं सापडतं ते बायकांना, आणि त्या सांगतात तेव्हा पुरुषांना ती बडबड वाटते. एका पेपरात तर त्या घाबरून पळतात आणि कुणाला काही बोलतच नाहीत. मी कबूल केलं, की गोष्ट रचायचीच असती तर कुणी ती अशी रचली नसती. त्या काळात ज्यांच्या साक्षीला किंमत नव्हती, त्यांनाच पुढे कशाला उभं करतील? "पण फादर," मी म्हटलं, "त्यावरून एवढंच कळतं, की त्यांनी काहीतरी पाहिलं आणि ते मनापासून सांगितलं. मनापासून चुकणारी मुलं मी खूप पाहिलीत."

"पण ह्यातल्या काहींनी त्यासाठी जीव दिला."

"मनापासून चुकणारी माणसंही देतात."

"हो," ते म्हणाले. "देतात."

त्यानंतर काही महिन्यांनी माझा वास परत आला. म्हणजे काय आलं, ते मलाच कळेना. सकाळी नवऱ्याने कॉफी केली आणि मला जळक्या टायरचा वास आला. मी गॅस तपासला, खिडकीतून खाली बघितलं, शेजारी विचारून आले. कुठेच काही नव्हतं. मग कांदा परतला तर गटाराचा वास. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, नसा पुन्हा जुळताना असं होतं, चुकीचे वास येतात, हळूहळू बरं होईल. नवऱ्याने माझ्यापुढे कॉफी प्यायचं बंद केलं.

फादरना मी हे कौतुकाने सांगितलं आणि त्याच ओघात बोलून गेले, "गंमत म्हणजे फादर, मला पूर्ण खात्री असते हो. तुम्हाला गॅसचा वास आला ना, तितकीच खात्री. आतून बघितलं तर दोन्हीत फरकच नाही. मग तुम्हाला जे येशूचं कळतं, ते माझ्या टायरसारखं नसेल कशावरून?"

ते हसतील, उलटं काही विचारतील, अशी माझी अपेक्षा होती. ते चहा अर्धा ठेवून गेले, आणि पुढच्या शुक्रवारी आले नाहीत. मंगळवारीही नाही. नवरा म्हणाला, "तू त्यांची वाट लावलीस." मला झोंबलं. शेजारणीकडे चौकशी केली, तर ती म्हणाली, बरे आहेत, रोज संध्याकाळी गोराईच्या जेट्टीवर एकटे बसलेले दिसतात.

शुक्रवारी बेल वाजली.

"बाई, रागावलो नव्हतो," ते दारातच म्हणाले. "तो प्रश्न माझाच होता. सेमिनरीत, फादर होण्याचं शिकत असताना, एक वर्ष माझ्याकडे काहीच नव्हतं. प्रार्थनेला बसायचो, भिंतीशी बोलल्यासारखं वाटायचं. मग एक दिवस स्वयंपाकघरात कढई घासताना कळलं, मी एकटा नाही. मागे कुणी येऊन उभं राहिलं की कळतं ना, तसं. आवाज नाही, उजेड नाही. राखेने बरबटलेले हात, आणि हे. ते टायर होतं का, हे मी तेव्हापासून स्वतःला विचारतोय. तुम्ही मोठ्याने विचारलंत, एवढंच."

"मग काय ठरलं?"

"तुमच्या नाकाचं तुम्हाला कसं कळलं?"

"शेजाऱ्यांना विचारलं. डॉक्टरांना विचारलं."

"मीही तेच करतो. ज्यांना हे कळलं म्हणतात, त्यांच्याबरोबर राहतो. ते कसे जगतात ते बघतो. ते वृत्तान्त पुन्हा पुन्हा वाचतो, तुमच्या लाल पेनासकट. आतापर्यंत टायर निघालेलं नाही. उद्या निघालं तर तुम्हाला पहिलं सांगेन."

"मग 'माहीत आहे' कसं म्हणता? उद्या निघू शकतं म्हणताय ना?"

"बाई, काका संध्याकाळी फिरून घरी येतात, हे तुम्हाला माहीत आहे?"

"आहे."

"उद्या येणारच, हे सिद्ध करून दाखवाल?"

नवरा आतून ओरडला, "मी इथेच आहे, मला मधे आणू नका!"

रविवारी त्यांचं पहिलं मराठी प्रवचन. आम्ही दोघं गेलो, मागच्या बाकावर बसलो. चर्च भरलं होतं. पुढे गोराईच्या म्हाताऱ्या त्यांच्या लाल चौकड्यांच्या लुगड्यांत, मागे जीन्समधली मुलं. फादर उभे राहिले. आवाज थोडा कापत होता, पण ऱ्हस्व-दीर्घासकट सगळं नीट चाललं होतं. आणि मग ते म्हणाले:

"माझी बाई मला रोज विचारते, कशावरून?"

म्हाताऱ्यांच्या रांगेतून खुसखुस सुरू झाली आणि पाहता पाहता सगळं चर्च हसायला लागलं. फादर भांबावून बघत राहिले. लग्न न करण्याची शपथ घेतलेला माणूस 'माझी बाई' म्हणतो म्हटल्यावर काय होणार? 'आमच्या बाई' आणि 'माझी बाई' यांतला फरक मी शिकवायचा राहूनच गेला होता. नवरा तर रुमालात तोंड घालून हलत होता. शेवटी पुढच्या एका म्हातारीने त्यांना काय ते सांगितलं, फादरचा चेहरा लाल झाला, आणि तेही सगळ्यांबरोबर हसले. त्यानंतर मात्र त्यांचा आवाज कापला नाही. म्हणाले, तुमच्यातल्या कुणाला वाटत असेल की प्रश्न विचारला तर विश्वास कमी होतो, तर मी सांगतो, मला जे माहीत आहे ते प्रश्नांमुळे जास्त नीट माहीत झालं. पूर्ण उत्तर माझ्याकडे नाही. ज्याच्याबद्दल प्रश्न आहे, तो आहे.

परत येताना रस्त्यात नवऱ्याने विचारलं, "मग? त्यांना माहीत आहे की नुसतं मानतायत?"

मी चालता चालता विचार केला. "अरे, येशू खरंच उठला असेल, तर त्यांना माहीत आहे. कढई घासताना जे झालं ते नाकच होतं. नसेल उठला, तर ते टायर. म्हणजे आधी ते ठरवल्याशिवाय हे ठरवता येत नाही. 'खरं असो वा नसो, अशा गोष्टी माहीत असूच शकत नाहीत' असं मी इतके दिवस म्हणत होते, ते नाही चालायचं."

"आणि ते ठरलंय का तुझं?"

"नाही."

"म्हणजे त्यांना माहीत आहे की नाही, हे तुला माहीत नाही."

"मला नाही," मी म्हटलं.

तो थांबला आणि कोपऱ्यावरच्या गाडीवरून दोघांसाठी शहाळी घेतली. आम्ही ती तिथेच उभ्याने संपवली.

वर्षभराने फादरची बदली झाली, डहाणूच्या आत कुठेतरी, वारली पाड्यांवर. जाताना ते घरी येऊन जेवले. माझं नाक तोवर बरंचसं वळणावर आलं होतं. आता फक्त कोथिंबिरीचा वास मला साबणासारखा येतो, आणि तो तसाच राहणार, असं दिसतं. मी अजून गणपती बसवते आणि अजून 'मानतात' म्हणते. पण कुणी सहज म्हणालं, "ह्या धर्मवाल्यांना काय माहीत असणार," की मी आता विचारते, "कशावरून?" आणि मग माझं तिथे कुणाशी जमत नाही.

फादर अधूनमधून फोन करतात. गेल्या आठवड्यात त्यांचं मराठी ऐकून मी कपाळावर हात मारला. क्रियापदं पार बदललेली, प्रत्यय भलतीकडेच. मी लगेच सुधारायला घेतलं.

"बाई, इथे असंच बोलतात," ते म्हणाले. "एक आजी मला शिकवते. तुमच्यापेक्षा कडक आहे. वाद घालू देत नाही."

"मग कसं होणार तुमचं?"

"म्हणूनच तर फोन केला," ते म्हणाले. "काकांना स्पीकरवर घ्या. माझ्या साखळीच्या टोकाला काय फिरतं, त्या पंख्याच्या प्रश्नाचं उत्तर सापडलंय, असं मला वाटतं."

मी हाक मारली. नवरा वर्तमानपत्र टाकून आला, खुर्ची ओढून बसला आणि फोनच्या दिशेने वाकून म्हणाला, "बोला फादर. पण सोपं करून सांगा."